डावी बाही : ऊसतोडीवरच्या एका सिनेमातलं वेशभूषेचं प्रकरण

मी रंगभूषा आणि वेशभूषा दोन्ही करते. मोठ्या चित्रपटात ही दोन स्वतंत्र खाती असतात. केस बघायला वेगळी माणसं, कपडे सांभाळायला ड्रेसदादा, मोठ्या नटांचे आपापले मेकअपदादा. कमी पैशांच्या स्वतंत्र सिनेमात हे सगळं एका बाईच्या आणि तिच्या एका मदतनिसाच्या अंगावर पडतं. हे प्रकरण अशाच एका सिनेमाचं आहे. सिनेमाचं आणि माणसांचं नाव मी देत नाही. नव्याने या कामात येणाऱ्या मुली मला सगळ्यात जास्त वेळा विचारतात, "ताई, कपडे जुने कसे करायचे?" एका शर्टाने त्याचं उत्तर मला एका रात्रीत बदलायला लावलं, म्हणून ते सविस्तर लिहिते आहे.

गोष्ट बीड जिल्ह्यातल्या एका जोडप्याची. दसरा झाला की मुकादमाकडून घेतलेली उचल, म्हणजे आगाऊ पैसे, फेडायला दोघं ऊसतोडीला निघतात आणि गुढीपाडव्याच्या आसपास परततात. नवरा-बायको मिळून मजुरीचं एकच एकक, 'एक कोयता', धरलं जातं. त्या सहा महिन्यांत बाईचं काय काय झिजतं, हाच सिनेमा. शूटिंग मात्र फक्त १९ दिवसांचं आणि तेही जानेवारीत, कारण शेतात ऊस उभा हवा आणि कारखाना चालू हवा. आम्ही माजलगाव तालुक्यात कालव्याच्या भिजणीखालचं एक गाव घेतलं होतं. सहा महिने १९ दिवसांत बसवायचे, तेही क्रमाने नाही. सकाळी कोवळ्या उन्हात फेब्रुवारी, दुपारी कोपीच्या, म्हणजे तोडकऱ्यांच्या झोपडीच्या, आत दिवाळी. अशा वेळी प्रेक्षकाला काळ पुढे सरकल्याचं कळतं ते मुख्यतः बाईच्या कपड्यांवरून, हातांवरून आणि ओठांवरून.

कपडा कुठला

ऊसतोडीच्या बाया साडीवरून नवऱ्याचा जुना फुल बाह्यांचा शर्ट घालतात. उसाच्या पात्याची कड करवतीसारखी असते आणि पात्याच्या बुडाशी बारीक कूस असते. उघड्या हाताला ती लागली की दिवसभर खाजतं. डोक्याला फडकं, त्यावर चुंबळ, चुंबळीवर मोळी. साडी गुडघ्याच्या खालपर्यंत वर खोचलेली. पायात रबरी चप्पल, नाहीतर नवऱ्याचे जुने बूट.

पहिला वाद साडीवरून झाला. दिग्दर्शकाला सुती साडी हवी होती. सुती कापड कॅमेऱ्यात छान दिसतं हे खरं आहे. त्याला पडण असते, त्यावर उजेड मऊ पडतो, आणि सिंथेटिक चकाकतं. पण मी शूटिंगच्या आधी दोन दिवस तोडकऱ्यांच्या टोळ्यांमध्ये बसून आले होते आणि तिथे एकीच्याही अंगावर सुती साडी नव्हती. सुती साडी महाग, जड, लवकर वाळत नाही. पहाटे चारला उठून उसाच्या फडात जाणाऱ्या बाईला रात्री धुतलेली साडी पहाटेपर्यंत वाळलेली लागते. माझं म्हणणं सरळ होतं: कष्टकरी बाई म्हणजे सुती साडी हे शहरातल्या माणसाच्या मनातलं चित्र आहे, फडातलं नाही. छायालेखकाने माझी बाजू घेतली आणि चकाकी मारायची जबाबदारी माझ्यावर टाकली.

सिंथेटिक साडी जुनी करणं सुतीपेक्षा पुष्कळ अवघड. सुती कापड चहाच्या पाण्यात बुडवलं की तासाभरात पाच वर्षांनी म्हातारं होतं. पॉलिस्टरवर चहा बसतच नाही, पाण्याबरोबर निघून जातो. उन्हात टाकूनही रंग सहजी उतरत नाही. तिथे घासायलाच लागतं. साडीखाली वीट ठेवायची, ८० नंबरचा पॉलिश पेपर घ्यायचा आणि काठ, निऱ्यांच्या घड्या, खोचण्याची जागा घासत बसायचं. मग १२० नंबरने तेच. काठाला किसणी फिरवायची म्हणजे धागे ओढले जातात आणि बारीक गोळे येतात. शेवटी पाणीदार अ‍ॅक्रेलिकचा, राखाडीकडे झुकणारा एक हलका फवारा, चकाकी मरेल इतकाच. एका साडीला मला आणि मदतनिसाला मिळून पावणेदोन दिवस लागले.

किती संच

सहा महिन्यांच्या मी पाच पायऱ्या पाडल्या होत्या. निघतानाची नवी साडी, पहिला महिना, संक्रांतीचा सुमार, फेब्रुवारी, शेवटची तोडणी आणि परतीचा प्रवास. साडी, परकर, झंपर आणि शर्ट असा एक संच. मी चार संच मागितले होते. मिळाले दोन. एका संचाला साधारण अकराशे रुपये पडत होते, म्हणजे वाचले बावीसशे. निर्मितीची बाजू मला कळत होती. त्याच आठवड्यात जनरेटरचं भाडं वाढलं होतं, आणि कुठून तरी कापणं भाग होतं. पण कापाकापी सुरू झाली की सगळ्यात आधी कपड्यांवर हात जातो, हे मी दर सिनेमात पाहते. कॅमेऱ्याची लेन्स कमी केली तर काय बिघडेल ते सगळ्यांना दिसतं. साडीचा दुसरा नग नसला तर काय बिघडेल हे बिघडल्यावरच दिसतं.

"टोळीतल्या बायकांनाच नव्या साड्या द्या, त्यांच्या जुन्या घ्या," असंही सुचवलं गेलं. हा मार्ग जुना आहे आणि एकट्या-दुकट्या पात्रासाठी मी तो वापरतेही. पण अदलाबदलीत मिळालेल्या दोन साड्या कधीच एकसारख्या नसतात. आणि जिला हंगामात दोनच साड्या आहेत तिच्यापुढे कॅमेऱ्याची माणसं घेऊन उभं राहून तिची अंगावरची साडी मागणं मला जमत नाही. ती नाही म्हणू शकत नाही.

मग दोन संचांत पाच पायऱ्या बसवल्या त्या अशा. पहिला संच पहिल्या दोन पायऱ्यांना. दुसरा तिसऱ्या पायरीपर्यंत कायमचा जुना केला: घासणं, फाटणं, फवारा. चौथी आणि पाचवी पायरी त्याच संचावर, पण धुऊन निघेल अशा मळाने. म्हणजे दुपारी चौथी पायरी असली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तिसरी असली तर मळ काढून मागे येता यावं. मळासाठी मी शेतातलीच माती घेतली. तिकडची जमीन काळी. मेकअपच्या पेटीतली मुलतानी माती तिथे पिवळट दिसते आणि गेरू लावला तर बाई थेट कोकणातून आल्यासारखी वाटते. माती मलमलीतून गाळून, तव्यावर भाजून, पुरचुंडीत बांधायची आणि कपड्यावर थोपटायची. घामासाठी ग्लिसरीन आणि पाणी. उसाच्या रसाचे डाग मात्र खऱ्या रसाचे, कारण त्याचा चिकट, कडेला गडद होणारा डाग दुसऱ्या कशानेही येत नाही.

शर्ट मळकट पांढरा, बारीक तपकिरी चौकटींचा, निम्मं सूत असलेला. तो आधीच चहातून काढला होता, कारण स्वच्छ पांढरा कपडा कॅमेऱ्यात जळतो, म्हणजे नुसता पांढराफटक दिसतो, आणि बघणाऱ्याची नजर चेहऱ्यावर न जाता तिकडेच जाते. डाव्या बाहीला कोपराखाली मी तीन बोटं लांब फाटा दिला होता. चौथ्या पायरीपासून तो दिसायचा.

अकरावा दिवस

अकराव्या दिवशी संध्याकाळी उजेड गेला आणि चौथ्या पायरीतला एक प्रसंग अर्धा राहिला. नऊपैकी चार शॉट झाले होते. उरलेले पाच दुसऱ्या दिवशी सकाळी सातला, धुकं असेपर्यंत घ्यायचे ठरले. अंगावरून उतरवलेले कपडे त्या दिवशी ओलसर होते. ग्लिसरीन, रस, दंव असं सगळं मिळून. ओल्याची घडी करून पेटीत टाकली असती तर डाग एकमेकांवर उमटले असते. म्हणून साडी आणि शर्ट मी आम्ही उतरलो होतो त्या घराच्या ओसरीत खिळ्याला टांगले आणि दुसऱ्या दिवसाची आखणी करायला गेले.

साडेआठला परत आले तर खिळा रिकामा. अंगणात तारेवर साडी निथळत होती आणि तिच्या शेजारी शर्ट. पांढरा. बल्बच्या उजेडातसुद्धा कळावा इतका पांढरा, वर निळसर झाक.

घरच्या मावशी चुलीपुढे बसल्या होत्या. "काय शोधायलीस माय?" त्यांनी विचारलं. मी तारेकडे बघत होते. "ते व्हय? धुऊन टाकलं की म्या. किती मळलं होतं. पोरगी दिवसभर उन्हात असती, तिनं काय असलं घालावं? नीळ बी दिली. अन् बाही फाटली होती, शिवून टाकली."

मी शर्ट उतरवून बाही बघितली. माझ्या तीन बोटांच्या फाट्यावर बारीक, एकसारख्या टाक्यांची शिवण होती, दोऱ्याचा रंगसुद्धा कापडाला जुळवून घेतलेला. मला राग आला नाही. रडू आलं, पण तेही त्यांच्यापुढे नाही. पाहुणीचे मळके, फाटके कपडे ओसरीत दिसल्यावर कुठल्याही घरातली बाई हेच करेल. अकरा दिवस त्यांच्या घरात राहून, त्यांच्या हातची भाकरी खाऊन, मी त्यांना एकदाही सांगितलं नव्हतं की हा मळ माझं काम आहे. चूक तिथे होती.

साडीचं नुकसान थोडं होतं. घासलेलं घासलेलंच राहिलं होतं, निघाला होता तो वरचा मळ. खरा प्रश्न शर्टाचा. आधीचा चहा साबणाने बराच उतरला होता, वर नीळ बसली होती, आणि फाटा बंद झाला होता. सकाळचे पाच शॉट कालच्या चार शॉटना जोडायचे होते.

माझ्या हातात दोन गोष्टी होत्या. एक, प्रत्येक प्रसंगानंतर काढलेले फोटो: पुढून, मागून, दोन्ही बाजूंनी, आणि काठ, कॉलर, बाह्या जवळून. दुसरी गोष्ट मला जास्त उपयोगी पडली. कपडा जुना करायला घेतला की त्याच्या आतल्या दुमडीतून मी दोन बोटं रुंदीची पट्टी कापते, कपड्याबरोबर तीही प्रत्येक टप्प्यातून काढते आणि वहीत टाचून ठेवते. फोनवरच्या फोटोचा रंग बल्बच्या उजेडात फसवतो. पट्टी फसवत नाही. वहीतली पट्टी म्हणजे मावशींच्या हातात पडण्याआधीचा शर्ट होता.

पावणेनऊला शर्ट कोमट पाण्यात धुण्याचा सोडा घालून भिजत टाकला. तीन पाणी बदलल्यावर नीळ फिकी झाली, गेली नाही. पाच लिटर पाण्यात १०० ग्रॅम चहापत्ती उकळली, मूठभर मीठ टाकलं, वीस मिनिटं शर्ट त्यात दाबून ठेवला. निळ्यावर चहा चढला तशी एक राखाडी छटा आली. आधीच्यापेक्षा अर्ध्या छटेने थंड, पण खोटी नाही. ज्या शर्टाला वर्षभर नीळ दिली जाते आणि वर्षभर घाम लागतो तो असाच दिसतो. जानेवारीच्या रात्री बाहेर वाळणं शक्य नव्हतं, दंव पडत होतं. टॉवेलात गुंडाळून पिळला आणि केस वाळवायच्या ड्रायरने बाहीपासून सुरुवात केली. जनरेटर त्यासाठी तीन तास जादा चालला.

मावशींचं म्हणणं

मावशी झोपायला गेल्या नाहीत. आपण काय केलं ते त्यांना कळलं होतं, आणि त्या माझ्यासमोर पाटावर बसून राहिल्या. अकराच्या सुमाराला मी पुरचुंडी काढली आणि फोटो बघून शर्टाच्या छातीवर, पोटावर माती थोपटायला लागले. त्यांनी थोडा वेळ बघितलं.

"इथं कशाला लावायलीस?"

मी फोटो दाखवला. संध्याकाळी असंच होतं म्हणाले.

"तवा बी चुकलंच होतं मग. छातीला कुठून घाण लागंल? मोळी काय छातीला धरत्यात का?"

त्यांनी वीस वर्षं ऊस तोडला होता. गुडघे गेले तेव्हा थांबल्या. अकरा दिवस मी त्यांच्या घरात राहत होते आणि हे मला त्या रात्री कळलं.

मग त्या उठल्या, हातात लाटणं घेतलं आणि मला दाखवायला लागल्या. कमरेत वाकून डावा हात पुढे. "आधी डावा हात उसात जातो. डाव्यानं धरायचं, उजव्यानं कोयता हाणायचा. पातं लागतं ते डाव्या हाताला." म्हणून डाव्या बाहीचं मनगट आधी जातं, मग कोपरापर्यंतचा भाग. उजवी बाही हंगामभर बऱ्यापैकी राहते. माझा फाटा डाव्या बाहीला होता तो नशिबाने; मी तो कॅमेऱ्याची बाजू बघून दिला होता. मग त्यांनी लाटणं डोक्यावर आडवं धरलं. "सकाळी दंव असतं. मोळी डोक्यावर घेतली की समदं पाणी मानेवरनं पाठीत उतरतं. पाचटाचा चुरा बी त्याच्यासंगं." पाचट म्हणजे उसाचा वाळलेला पाला. तेव्हा मळ कॉलरच्या मागच्या बाजूला, मानेखाली, आणि तिथून पाठीवर खाली ओघळलेला. पुढचा भाग त्या मानाने स्वच्छ, कारण बाई वाकलेली असते. साडी फाटते ती पुढच्या काठाला, तोडलेल्या उसाच्या खोडक्यांनी. आणि माझी साडी? ती मी मागच्या काठाला जास्त झिजवली होती, शहरातल्या बाईची साडी टाचेखाली येऊन झिजते तशी.

मी दोन दिवस टोळीत बसले होते, फोटो काढले होते, कापड कुठलं ते बरोबर ओळखलं होतं. पण मी कपडे बघितले होते, काम बघितलं नव्हतं. बाया कोपीपुढे बसलेल्या असताना त्यांच्या अंगावर मळ दिसला आणि मी तो "मळ" म्हणून उचलला. तो कुठल्या हालचालीतून आला हे विचारलं नाही. मळाला व्याकरण असतं, आणि ते मी पाठ न करता वाक्यं लिहीत होते. त्या रात्री याचं मला फार वाईट वाटलं, आणि आजही वाटतं.

आता पेच असा: सकाळचे पाच शॉट कालच्या चार शॉटना जोडायचे, आणि कालचा मळ चुकीच्या जागी. खरं करावं तर जोड तुटते. जोड राखावी तर चूक मुद्दाम, समजून-उमजून पुन्हा करायची. साडेअकराला दिग्दर्शकाला उठवलं आणि दोन्ही बाजू सांगितल्या. त्याने एकच विचारलं, आधीच्या किती प्रसंगांत छातीचा मळ दिसतो? सहा. ते परत घेणं शक्य नव्हतं. मग ठरलं ते असं. अर्धा राहिलेला प्रसंग जसा होता तसाच पुरा करायचा, चुकीच्या मळासकट. पाचव्या पायरीचे पाच प्रसंग अजून व्हायचे होते, ते मावशी म्हणतात तसे. दोन पायऱ्यांच्या मध्ये कथेत तीन आठवडे जातात, मळ सरकलेला चालतो. आणि शिवण? चौथ्या पायरीसाठी मी टाके उसवले. पाचव्या पायरीसाठी ते मावशींनी त्याच भोकांतून, त्याच दोऱ्याने पुन्हा घातले. तीन आठवड्यांत कुठलीही बाई फाटकी बाही शिवून घेईलच, हे मला आधी सुचायला हवं होतं.

सकाळ

रात्री मी दोन तास झोपले. त्यामुळे पहाटे साडेचारला मेकअप मदतनिसाने केला. ती वीस वर्षांची, हाताला चांगली मुलगी. इथे एक सांगते, कारण तिला ते माहीत नव्हतं आणि तिच्या वयाच्या पुष्कळ जणींना नसतं. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत संघटनेच्या नियमानुसार बाईला मेकअप आर्टिस्टचं कार्ड मिळतच नव्हतं, केशभूषेचं तेवढं मिळायचं. चारू खुराना यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०१४ मध्ये हा भेद बेकायदा ठरवला. ही मुलगी ब्रश हातात धरून पहाटे साडेचारला उघडपणे काम करू शकते, ते कुणीतरी त्यासाठी कोर्टात उभं राहिलं म्हणून.

नटीच्या हातावर पात्याचे ओरखडे होते, रंगवलेले. आम्ही अल्कोहोलने विरघळणारे रंग वापरतो, कारण ते घामाने आणि दंवाने जात नाहीत. शूटिंगच्या आधी कोपराच्या आत लावून २४ तास बघितलेले. पण हे रंग उघड्या जखमेवर कधीच लावायचे नाहीत, आणि उसात रोज काम करताना नटीला खरेही ओरखडे येत होते. आठव्या दिवशी तिच्या मानेवर खरा ओरखडा उठला. तो कथेत नको होता, आणि मी त्यावर काहीही लावायला नकार दिला. फडकं बांधायची पद्धत बदलून मान झाकली. दिग्दर्शकाला ते आवडलं नाही, पण त्या बाबतीत मी कुणाचं ऐकत नाही. कातडी नटीची आहे.

साडेसातला पहिला शॉट झाला. धुकं होतं, शर्टाची अर्ध्या छटेची निळाई त्यात मिसळून गेली आणि छायालेखकाने बघून मान हलवली. मी मॉनिटरपाशी उभी होते. दुसऱ्या शॉटला नटी वाकली, हात उसात गेला, आणि मला काहीतरी खुपलं. ओरखडा कोयत्याच्या हातावर होता. उजव्या.

काल तो डाव्या हातावर होता. मदतनिसाने फोटो बघूनच केलं होतं, पण तो फोटो नटीने संध्याकाळी स्वतःच्या फोनच्या पुढच्या कॅमेऱ्याने काढून पाठवलेला होता, आणि त्या फोनमध्ये असे फोटो आरशासारखे उलटे साठतात. आदल्या दिवशी माझ्या डोळ्यांना हे कळलं नसतं असं मला वाटतं. ओरखडा तो ओरखडा, इकडे काय, तिकडे काय. आठ तासांपूर्वी मावशींनी लाटणं धरून दाखवलं होतं म्हणून कोयत्याच्या हातावरचा ओरखडा मला लगेच खोटा दिसला.

दोन्ही शॉट परत घेतले. उजव्या हातावरचा रंग काढून डाव्यावर घालायला पंचवीस मिनिटं गेली, एकूण पाऊण तास. धुकं विरत होतं. नववा शॉट आम्ही जवळजवळ स्वच्छ उन्हात घेतला आणि तो संकलनात ठेवता आला नाही. हे नुकसान खरं आहे, आणि त्याचा हिशेब बावीसशे रुपयांच्या बचतीसमोर मांडायला हवा.

पाचवी पायरी

पाचव्या पायरीचा मळ मी हाताने लावलाच नाही. मावशींची सून तोडणीला जाणारी. तिला रोजाचे पैसे देऊन शर्ट घालायला दिला आणि ती तासभर आपलं नेहमीचं काम करत राहिली. पहाटेचं दंव, सहा मोळ्या. शर्ट परत आला तेव्हा कॉलरच्या मागे काळपट पट्टा, त्यातून पाठीवर उतरलेले तीन ओघळ, डाव्या मनगटाला रसाचा चिकट थर आणि पाचटाची बारीक भुसी अडकलेली. पुढून जवळजवळ स्वच्छ. मला फक्त ते टिकवायचं होतं. आतून कूस झटकून काढली, नाहीतर नटीच्या अंगाला दिवसभर खाज सुटली असती. कॉलरची आतली बाजू ओल्या कपड्याने पुसली. दुसऱ्याच्या घामाचा कपडा नटीच्या कातडीला तसाच लावायचा नाही, म्हणून आत एक बिनबाह्यांची पातळ सुती बंडी घातली.

त्या पाच प्रसंगांत एक शॉट असा आहे की बाई मोळी घेऊन ट्रकला लावलेल्या फळीवरून वर चढते आणि कॅमेरा तिच्या मागे आहे. चाळीसेक सेकंद तिची मान आणि पाठच दिसते. संकलनाच्या वेळी मी तो बघितला तेव्हा त्या पाठीवर बोलायला काही नव्हतं, सगळं होतं तिथे होतं. त्याच्या आधीच्या सहा प्रसंगांतली छाती मात्र मला प्रत्येक वेळी दिसते. इतर कुणाला दिसत नाही असं सगळे सांगतात. ऊस तोडलेल्या बाईला दिसेल, आणि सिनेमा तिच्याबद्दल आहे.

माझ्या कामात यानंतर जे बदललं त्यातलं बरंचसं साधं आहे. उतरलेल्या घरी पहिल्याच दिवशी पेटी उघडून घरच्या बायकांना कपडे दाखवते, हे असे का आहेत ते सांगते. ओले कपडे वाळवायला स्वतःची दोरी आणि कुलूप लागणारी खोली मागते. कंटिन्युइटीचे, म्हणजे शॉटला शॉट जुळवायला लागणारे, फोटो फक्त माझ्या किंवा मदतनिसाच्या फोनच्या मागच्या कॅमेऱ्याने निघतात, आणि डाव्या हाताच्या फोटोत कागदावर "डावा" लिहून धरलेलं असतं. तयारीच्या दिवसांत मी आता कपड्यांचे फोटो कमी काढते. एक पूर्ण दिवस काम करणाऱ्या माणसाच्या मागे चालते, आणि त्याने परवानगी दिली तर संध्याकाळी त्याचा अंगरखा जमिनीवर पसरून कुठे काय लागलंय ते नकाशासारखं काढून घेते.

पुढचा सिनेमा मिठागरातला होता. अंदाजपत्रकात मी प्रत्येक पायरीला वेगळा संच लिहिला आणि त्याखाली एक ओळ घातली : स्थानिक जाणकार, तीन दिवस, मानधन. निर्मात्याने त्या ओळीवर बोट ठेवलं. मी त्याला शर्टाच्या दोन पट्ट्या दाखवल्या, एक माझ्या हातची आणि एक सुनेने घालून परत दिल्यावर कापलेली. संचांपैकी एक त्याने कापला. ती ओळ राहिली.